शाळेतले व्याकरण आणि सोलापूरचे ‘केलो’



व्याख्यानमालेच्या चालकांनी मला विषय विचारला, तेव्हा मी विडी कामगार स्त्रियांच्या मजुरीवर किंवा बंद पडलेल्या गिरण्यांवर बोलेन अशी त्यांची अपेक्षा होती. मी ‘शाळेतल्या व्याकरणाचा इतिहास’ असे म्हटल्यावर चालकांपैकी एक निवृत्त शिक्षक हसले आणि म्हणाले, ‘‘अहो, तुमचा आणि व्याकरणाचा संबंध काय?’’ त्यांचा हेतू वाईट नव्हता. प्रश्न मात्र अगदी नेमका होता, आणि त्याचेच उत्तर देण्यासाठी मी आज उभा आहे.

माझे शिक्षण नववीपर्यंतचे. घर सोलापूरच्या पूर्व भागातले, वडील गिरणीत, आई विड्या वळणारी. घरची भाषा तेलुगू, शेजारची कानडी, गल्लीतली दख्खनी आणि शाळेतली मराठी. मराठीच्या तासाला मी एकदा उभा राहून ‘‘गुरुजी, मी अभ्यास केलो’’ असे म्हणालो आणि सबंध वर्ग हसला. गुरुजींनी फळ्यावर ‘मी अभ्यास केला’ असे लिहिले आणि मला ते पन्नास वेळा लिहावयास सांगितले. मी लिहिले. ‘केलो’ का चूक आणि ‘केला’ का बरोबर, हे मात्र त्यांनी सांगितले नाही. ते त्यांनाही ठाऊक नव्हते, हे मला पुष्कळ वर्षांनी कळले. ही एक अढी मनात राहिली आणि तिच्या पाठीमागे लागून मी जुनी व्याकरणे वाचीत गेलो.

इंग्रज येण्यापूर्वी आपल्याकडच्या पंतोजींच्या शाळेत मराठीचे व्याकरण नव्हतेच. मुलगा धुळपाटीवर अक्षरे गिरवी, पुढे पावकी, निमकी, दिडकी, औटकी पाठ करी, मोडी वाचावयास व लिहावयास शिके आणि हिशेबाला लागे. व्याकरण हा शब्द होता तो संस्कृतासाठी, आणि तो पाठशाळेच्या आत होता. तिथे कोणाला प्रवेश होता हे मी सांगावयास नको. मोडीत ऱ्हस्वदीर्घाचा भेद पाळीत नसत. शेकडो वर्षे राज्याचा कारभार, सावकाराचे खाते, गावचा महजर या मोडीत चालला आणि ऱ्हस्वदीर्घावाचून कोणाचेही अडले नाही. आपल्या पोरांचे गुण ज्या वेलांटीवर कापले जातात, तिचा शाळेतला दरारा छापखान्याच्या बाळबोधीबरोबर आला.

मराठीचे नियम कोणी मांडलेच नव्हते असे मात्र नव्हे. महानुभावांपैकी भीष्माचार्यांचे ‘पंचवार्तिक’ चौदाव्या शतकातले मानतात. गोव्यात फादर स्टीफन्स या इंग्रज जेझुइटाने कोकणीचे व्याकरण पोर्तुगीज भाषेत लिहिले; ते त्याच्या मृत्यूनंतर १६४० साली रायतूर येथे छापले गेले. १८०५ साली बंगाल्यात श्रीरामपूरला विल्यम कॅरी याने मराठीचे व्याकरण इंग्रजीत छापले. कॅरी हा मूळचा चांभारकाम करणारा, जोडे शिवता शिवता भाषा शिकलेला मनुष्य. म्हणून त्याच्याविषयी मला वेगळा जिव्हाळा वाटतो. परंतु ही पुस्तके कोणासाठी होती ते पाहा. एक पंथाच्या अभ्यासकांसाठी, दुसरे पाद्र्यांसाठी, तिसरे कलकत्त्यात मराठी शिकणाऱ्या कंपनीच्या साहेबांसाठी. मराठी बोलणाऱ्या मुलाला त्याचीच भाषा नियमाने शिकवावी ही कल्पना यांपैकी कोणाचीही नव्हती.

ती कल्पना मुंबईत निघाली. एल्फिन्स्टन गव्हर्नर असताना १८२२ साली शाळा आणि शाळांची पुस्तके यांसाठी एक सोसायटी स्थापन झाली. शास्त्रीमंडळी नेमली गेली, कोश झाला, आणि गणित-भूगोलाप्रमाणे मराठीलाही व्याकरणाचे पुस्तक हवे असे ठरले. १८३६ साली दादोबा पांडुरंग तर्खडकर यांचे ‘महाराष्ट्र भाषेचे व्याकरण’ छापले गेले. दादोबांचा जन्म १८१४चा, म्हणजे पुस्तक निघाले तेव्हा ते अवघे बावीस वर्षांचे होते! ते शास्त्री नव्हते, ब्राह्मणही नव्हते. मुंबईच्या वैश्य कुटुंबातले, इंग्रजी शाळेत शिकलेले तरुण होते. पुढे परमहंस सभेच्या स्थापनेत त्यांचा पुढाकार होता, जिथे जातिभेद मोडण्याची शपथ असे. ज्या शास्त्राच्या दारावर जातीची चौकी होती, त्या शास्त्राचे मराठी दार चौकीबाहेरच्या माणसाने उघडले, ही गोष्ट आपल्या शाळेत कोणीही सांगत नाही. शाळेत ‘मराठीचे पाणिनी’ एवढे पद पाठ करून घेतात आणि पुढे जातात.

आता या व्याकरणाचा साचा आला कोठून? इथे थोडे परदेशात जावे लागेल.

इंग्रजी शाळांतले व्याकरण मुळात लॅटिनच्या चालीवर बेतलेले. अठराव्या शतकाच्या अखेरीस लिंडले मरे नावाच्या मनुष्याने त्याला सुटसुटीत रूप दिले. हा मरे अमेरिकन. पेनसिल्व्हेनियात जन्मला, न्यूयॉर्कला वकिली केली, मग इंग्लंडात यॉर्क येथे जाऊन राहिला आणि तिथल्या एका मुलींच्या शाळेसाठी १७९५ साली त्याने आपले व्याकरण लिहिले. ते इंग्लंडात खपले, अमेरिकेत त्याहून खपले आणि कंपनीच्या जहाजांतून हिंदुस्थानातही आले. नियम पाठ करा, चुकीचे वाक्य शुद्ध करा, आणि प्रत्येक शब्दाची जात, लिंग, वचन, विभक्ती सांगा, अशी पद्धत. आपल्याकडे याला ‘व्याकरण चालविणे’ म्हणतात. माझ्या पिढीपर्यंत ‘अधोरेखित शब्दांचे व्याकरण चालवा’ हा प्रश्न परीक्षेत हमखास असे.

अमेरिकेत या पुस्तकांचा पगडा इतका होता की, खेड्यातल्या दुकानात काम करणाऱ्या एका उंच तरुणाला सार्वजनिक कामात पडावेसे वाटले, तेव्हा त्याने प्रथम कर्कहॅम नावाच्या लेखकाचे व्याकरण मिळवून ते वाचून काढले. त्याचे शाळेतले दिवस सगळे मिळून वर्षभराचेही भरत नव्हते. तो अब्राहम लिंकन. इकडे दादोबा बाविसाव्या वर्षी व्याकरण छापीत होते. तिकडे लिंकन साधारण त्याच वयात, चारपाच वर्षे आधी, व्याकरण वाचीत होता.

आपले शालेय व्याकरण या इंग्रजी आईचे आणि संस्कृत बापाचे मूल आहे. शब्दांच्या आठ जाती, नामापासून केवलप्रयोगीपर्यंत, इंग्रजीवरून आलेल्या. यास्कांच्या संस्कृत परंपरेत नाम, आख्यात, उपसर्ग, निपात अशा चारच. केवल, मिश्र, संयुक्त ही वाक्ये इंग्रजीची. विभक्ती मात्र प्रथमेपासून संबोधनापर्यंत आठ, त्या संस्कृताच्या. आईबापांचे एकमेकांशी नीट जमत नाही, आणि त्यामुळे द्वितीया कोणती व चतुर्थी कोणती हे विचारले की चांगल्या चांगल्या शिक्षकांची त्रेधा उडते. कारण ‘स, ला, ते’ दोन्हीकडे तेच. ही कुरकुर माझी एकट्याची नाही. विष्णुशास्त्र्यांचे वडील कृष्णशास्त्री चिपळूणकर यांनी ‘शालापत्रका’तून मराठी व्याकरणावर निबंध लिहिले आणि दादोबांच्या पुष्कळ व्यवस्था तपासून पाहिल्या. पुढे १९११ साली मोरो केशव दामल्यांचे ‘शास्त्रीय मराठी व्याकरण’ निघाले. दामले हे कवी केशवसुतांचे बंधू. त्यांचा तो ग्रंथ मी वाचनालयातून चार वेळा आणला आहे आणि अजूनही सगळा समजला असे म्हणत नाही. परंतु माझ्या ‘केलो’चे उत्तर मला अशाच ग्रंथांनी दिले.

ते उत्तर असे आहे. मराठीत सकर्मक क्रियापद भूतकाळी आले म्हणजे ते करणाऱ्याच्या मागे जात नाही, कर्माच्या मागे जाते. मी आंबा खाल्ला, पोळी खाल्ली, केळे खाल्ले. खाणारा मीच, परंतु क्रियापद पोळीकडे पाहून बदलते. याला कर्मणी प्रयोग म्हणतात. तेलुगूत तसे नाही. ‘नेनु पनि चेसानु’ म्हणजे ‘मी काम केले’, आणि त्यातला शेवटचा ‘नु’ हा ‘मी’चा आहे, कामाचा नव्हे. कानडीतही क्रियापद कर्त्याचेच ऐकते. पिढ्यान्‌पिढ्या या तीन भाषा सोलापुरात एका नळावर पाणी भरतात. त्यांतून ‘मी काम केलो’, ‘मी त्याला सांगितलो’, ‘मी पुस्तक वाचलो’ ही बोली तयार झाली. म्हणजे माझे ‘केलो’ हे अडाणीपण नव्हते. त्यात नियम होता. तो दुसऱ्या घरचा होता एवढेच.

आणि गंमत अशी, की प्रमाण मराठीतच ‘मी धडा शिकलो’ हे शुद्ध आहे. ‘मी छत्री विसरलो’, ‘मी दूध प्यालो’ हेही शुद्ध. धडा हे कर्म असूनही ‘शिकलो’ चालते, मग ‘वाचलो’ का चालत नाही? व्याकरणकार म्हणतात, हे अपवाद आहेत. बरे, असतील. पण नऊ वर्षांच्या पोराने ‘शिकलो’ ऐकून ‘वाचलो’ म्हटले, तर त्याने बुद्धी चालविली की चूक केली?

शाळेला हा प्रश्न पडला नाही, कारण शाळेतले व्याकरण फार लवकर चौकीदाराच्या कामाला लागले होते. मराठी क्रमिक पुस्तकांच्या भाषेवर मेजर कँडी या इंग्रज अधिकाऱ्याचा हात कित्येक वर्षे फिरत असे. स्वल्पविराम, पूर्णविराम आपल्याला त्यांनीच लावून दिले. इंग्रजाने मराठी शुद्ध करावी याचा राग पुण्याच्या विद्वानांना आला, तो योग्यच होता. परंतु त्याच विद्वानांपैकी विष्णुशास्त्री चिपळूणकरांनी ‘निबंधमाले’त जोतीराव फुल्यांच्या पुस्तकांवर तुटून पडताना त्यांच्या व्याकरणाची टवाळी केली. विष्णुशास्त्र्यांच्या गद्याचा मी चाहता आहे, हे प्रांजळपणे सांगतो. तरीसुद्धा ‘गुलामगिरी’ हे पुस्तक १८७३ साली जो प्रश्न विचारीत होते, त्याला ‘तुझी विभक्ती चुकली’ हे उत्तर होऊ शकत नाही. त्याआधीच, १८५५ साली, फुल्यांच्या शाळेत शिकलेल्या मुक्ता साळवे या चौदा वर्षांच्या मातंग मुलीचा निबंध ‘ज्ञानोदया’त छापून आला होता. मांगमहारांच्या दुःखाविषयीचा तो निबंध आजही वाचावा; शाळेतली दोनतीन वर्षे काय करू शकतात ते कळते.

इंग्रजीच्या व्याकरणाची कथा याहून रोखठोक. ते पोटासाठी शिकावयाचे होते. १८५७ साली मुंबई विद्यापीठ झाले, मॅट्रिकची परीक्षा सुरू झाली, आणि मॅट्रिकच्या दारात इंग्रजी बसले. नेसफील्ड आले, मागाहून रेन आणि मार्टिन आले. यांतला रेन मुंबई इलाख्याच्या शिक्षण खात्यात नोकरीला होता आणि पुढे साहसाच्या कादंबऱ्या लिहून प्रसिद्ध झाला. पण ज्यांना शाळाच नव्हती त्यांचा गुरू वेगळा. तो म्हणजे द्वारकानाथ राघोबा तर्खडकरांची ‘भाषांतर पाठमाला’. एक नियम, थोडे शब्द, मग वाक्ये: मराठीची इंग्रजी करा, इंग्रजीची मराठी करा. कारकून, पोस्टमन, गिरणीतले जॉबर, किती जणांनी कंदिलाच्या उजेडात ती गिरविली असेल! मी पॉवरलूमवर रात्रपाळी करीत असताना मंगळवार बाजारात जुन्या पुस्तकांत तिचा पहिला भाग घेतला, मुखपृष्ठ गेलेला. पुढे १९४७च्या औद्योगिक विवाद कायद्याचे इंग्रजी पुस्तक मी वाचू शकलो, ते त्या भागाच्या जिवावर.

स्वातंत्र्यानंतर बाळासाहेब खेरांच्या काळात मुंबई राज्याने इंग्रजी आठवीपासून ठेवले. हेतू मातृभाषेच्या भल्याचा होता. परंतु ज्यांना परवडत होते त्यांनी वाटा शोधल्या आणि नुकसान झाले ते नगरपालिकेच्या शाळेतल्या पोरांचे. नंतर ते पाचवीवर आले आणि २००० साली पहिलीवर. आता पहिलीपासून आहे. शिकणे किती होते ते आपण आपापल्या घरी पाहतोच.

मराठीत १९६२ साली मोठा बदल झाला. साहित्य महामंडळाने शुद्धलेखनाचे नवे नियम केले आणि ‘नाहीं’, ‘कांहीं’ यांवरचे न उच्चारले जाणारे अनुस्वार गेले. माझ्या वडिलांनी चौथीत ती टिंबे न दिल्याबद्दल छड्या खाल्ल्या. मी त्यांच्या वहीवरून पाहून ती दिली, तेव्हा माझे गुण कापले गेले. एकाच घरात तेच टिंब आधी शुद्ध आणि मग अशुद्ध! तेव्हापासून शुद्ध-अशुद्ध हे शब्द मी जपून वापरतो. नियम असावेत, त्याने छापखान्याचे आणि वाचणाऱ्याचे काम सोपे होते. पण ते माणसांनी बसून ठरविलेले असतात, हेही मुलाला सांगावे.

अमेरिकेत काय झाले तेही ऐका. १८७७ साली रीड आणि केलॉग या दोघा शिक्षकांनी वाक्याची रेघोट्यांनी आकृती काढण्याची पद्धत काढली आणि तिकडच्या अनेक पिढ्या फळ्यावर त्या रेघा ओढीत मोठ्या झाल्या. मग शंका आली, की याने मुलांचे लिहिणे सुधारते का? १९६३ साली तिथल्या इंग्रजीच्या शिक्षकांच्या परिषदेने एक अहवाल काढला. नुसते नियमांचे व्याकरण शिकविल्याने लिखाण सुधारत नाही, उलट लिहिण्याचा वेळ खाल्ल्याने नुकसान होऊ शकते, असे त्याचे म्हणणे पडले. अनेक शाळांतून व्याकरण मागे हटले. यावर तिकडे अजून भांडण आहे. १९७९ साली मिशिगन राज्यातल्या ॲन आर्बर गावच्या काळ्या मुलांच्या आयांनी शाळेवर दावा लावला, आणि न्यायाधीशाने सांगितले, की मुलांची घरची बोली ओळखून मग शिकवा. हे वाचले तेव्हा मला पन्नास वेळा लिहिलेले ‘केला’ आठवले.

तरी व्याकरण शाळेतून काढून टाका असे मी म्हणणार नाही. माझा अनुभव उलट आहे आणि तोच सांगून बसतो.

काही वर्षांपूर्वी एका टॉवेलच्या कारखान्यात माझ्या माहितीतल्या एका कामगारावर मागाची मोडतोड केल्याचा आळ आला. चौकशी बसली. गडी तेलुगू बोलणारा, मराठी आपल्या पूर्व भागाची. त्याने सांगितले, ‘‘मी काय केलो नाही साहेब. पट्टा तुटला, मी बंद केलो.’’ लिहून घेणाऱ्याने ते ‘शुद्ध’ केले. कागदावर आले: ‘माझ्याकडून माग बंद पाडला गेला.’ खाली त्याचा अंगठा. मी कागद वाचला आणि अंगावर काटा आला. ‘बंद केलो’ म्हणणारा माणूस माग वाचविणारा होता. ‘बंद पाडला गेला’ म्हणणारा गुन्हा कबूल करणारा झाला. मी चौकशी अधिकाऱ्यापुढे क्रियापदे मांडून बसलो. करणे आणि पाडणे, केवढा फरक! आणि हा ‘माझ्याकडून’ कोठून आला? हा तर इंग्रजीच्या धर्तीचा नवीन कर्मणी प्रयोग, या माणसाच्या तोंडी तो जन्मात आला नसेल. साहेब प्रथम चिडले, मग त्यांनी जबाब पुन्हा घेतला, या खेपेस त्याच्या शब्दांत. तीन महिन्यांनी तो कामावर परत गेला. मधला पगार बुडाला तो बुडालाच.

तेव्हापासून आमच्या युनियनच्या कचेरीत आठवड्यातून दोन संध्याकाळी आम्ही व्याकरण चालवितो. धडा म्हणून नोटिसा घेतो. ‘आपणांस कामावरून कमी करण्यात येत आहे.’ क्रियापद कोणते? कर्म कोणते? कर्ता कोठे आहे? कर्ता सापडत नाही. सरकारी आणि कंपनीच्या मराठीत हा ‘करण्यात येत आहे’ इंग्रजीच्या भाषांतरातून रुजला असावा असा माझा तर्क आहे. जुन्या पत्रांत आज्ञा करणारा आपले नाव घालून आज्ञा करीत असे. नोटिशीत कर्ता नसला की आम्ही पत्र पाठवितो, की कमी कोण करीत आहे, कोणत्या अधिकाराने, नाव व हुद्दा कळवावा. दर वेळी उत्तर येते असे नाही. येते तेव्हा पुढची बोलणी त्या नावाशी करता येतात.

वर्गाला विडी कामगारांच्या काही मुलीही येतात. ‘शिकलो’ आणि ‘वाचलो’चा माझा जुना प्रश्न मी त्यांना घातला. त्यांनी ‘शिकलो’च्या बाजूची क्रियापदे जमवून कचेरीच्या भिंतीवर एक यादी लावली आहे: शिकणे, विसरणे, पिणे, बोलणे. गेल्या आठवड्यात तीत आणखी तीन नावे आली. त्यांतली दोन बरोबर आहेत. तिसऱ्यासाठी मला दामल्यांचा ग्रंथ पाचव्यांदा आणावा लागणार आहे.